मागच्या उजव्या चाकावरची टिक

उस्ताद टायर वाचत नसत, चाचपत असत. टायर मशीनवर चढवण्याआधी उजव्या हाताचा अंगठा त्याच्या काळ्या बाजूवरून एकदा गोल फिरवायचा, बाण कुठे उठलाय ते अंगठ्याला कळलं की "चला" म्हणायचं, ही त्यांची पद्धत. गिऱ्हाइकं उभी राहून बघत बसायची. तीस वर्षांत हजारो टायर हाताखालून गेलेला माणूस, त्याच्या अंगठ्यालाच डोळे फुटले असतील, असं त्यांना वाटायचं. उस्तादही तसंच भासवायचे.

खरं कारण वेगळं होतं. चौपन्नावं लागल्यापासून उस्तादांना जवळचं दिसेनासं झालं होतं. त्यातून टायरवरची अक्षरं म्हणजे काळ्यावर काळी. चष्मा घ्यायचा तर चारचौघांत नाकावर चढवावा लागणार आणि मग अंगठ्याची सगळी शान मातीत जाणार. म्हणून त्यांनी तीन वर्षं ही गोष्ट बायकोपासूनसुद्धा लपवून ठेवली होती.

वेगवान गाड्यांच्या टायरमध्ये अशी लपवाछपवी चालत नाही. त्या टायरला दिशा असते. त्याच्या खाचा मधून दोन्ही कडांकडे तिरप्या उतरतात, चाक पुढे फिरलं की रस्त्यावरचं पाणी बाहेर फेकतात. टायर उलटा बसवला की त्याच खाचा पाणी मधे ओढतात आणि रबर रस्ता सोडून पाण्यावर तरंगायला लागतं. म्हणून बाजूवर बाण कोरलेला असतो, गाडी पुढे जाताना चाक कुठे फिरणार ते दाखवणारा. अशा गाडीची चाकं बदलताना डावीकडचं डावीकडे आणि उजवीकडचं उजवीकडेच ठेवायचं, फक्त पुढचं मागे आणि मागचं पुढे घ्यायचं. साध्या गाडीसारखी तिरपी अदलाबदल केली की बाण उलटे झालेच म्हणून समजा.

वर्कशॉपचा त्यासाठी एक नियम होता. टायर बसवणाऱ्यानं रिमच्या आतल्या बाजूला पिवळ्या मेणखडूनं गोल काढायचा. मग दुसऱ्यानं बाण बघायचा आणि त्या गोलात टिक करायची. टिक नसलेलं चाक गाडीला लावायचं नाही. गोल उस्ताद काढायचे, टिक त्यांचा मेव्हणा करायचा.

मेव्हणा म्हणजे उस्तादांच्या बायकोचा धाकटा भाऊ, पंचेचाळिशीचा, शांत माणूस. गळ्यात दोरीला अडकवलेला चष्मा. उस्तादांनी गोल काढला की हा चष्मा लावून चाकापाशी उकिडवा बसायचा आणि टायरची सगळी बाजू, बाणापासून मापापर्यंत, ओठ हलवत वाचायचा. उस्तादांना ते बघवत नसे. त्यांनी त्याचं नाव 'वाचनालय' ठेवलं होतं.

"वाचनालय, पुस्तक परत करायची तारीख उलटून गेली," ते चारचौघांत म्हणायचे. "आण ते चाक इकडे."

सगळे हसायचे. मेव्हणाही हसायचा आणि पुन्हा वाचायला लागायचा.

त्या दिवशी एक दातांची डॉक्टर आपली गाडी घेऊन आली. गाडी बुटकी, रुंद, रस्त्याला चिकटून चालणारी. मागचे दोन टायर पुढे घ्यायचे होते, पुढचे झिजलेले काढून टाकायचे होते आणि मागे नवे बसवायचे होते. बरोबर तिची आई होती. डॉक्टर गाडीतून उतरल्या उतरल्या म्हणाली, "मला बजावून सांगितलंय, काम उस्तादांच्याच हातून करून घ्या."

एवढं पुरलं. उस्ताद हरभऱ्याच्या झाडावर चढले ते उतरेनात. त्यांनी पुढचं काम चोख केलं. जुने टायर त्याच त्याच बाजूला ठेवून पुढे घेतले. मग नवा टायर उचलला, त्याच्या कडेला साबण लावला, रिमला ओरखडा येऊ नये म्हणून प्लॅस्टिकची पट्टी ठेवली. डॉक्टर बघत होती. अंगठा फिरला, बाण लागला, टायर चढला. दुसराही तसाच चढला. मेव्हणा चष्मा लावून पुढे झाला, तसं उस्तादांना वाटलं, आता हा बाईसमोर अर्धा तास पारायण करणार.

"तू आत जा आणि शिशाच्या वजनांचं नवं पाकीट घेऊन ये," ते म्हणाले.

"इथे आहेत की, भाऊजी."

"ती नकोत. नवं आण. बॅलन्सिंग माझं मी करतो."

मेव्हणा गेला. पाकीट मुद्दाम शोधायला लागेल अशा ठिकाणी होतं, हे उस्तादांना माहीत होतं. त्यांनी चाकं मशीनवर फिरवून जुन्याच वजनांनी तोल साधला. मग मेणखडू उचलला, गोल काढले आणि हात थांबू न देता त्यांच्यात टिकाही करून टाकल्या. चाकं लावली, नट समोरासमोरचे धरून टॉर्कच्या पान्यानं एकेक आवळले. मेव्हणा पाकीट घेऊन आला तेव्हा गाडी फाटकातून बाहेर पडत होती.

"वाचनालयाला आज सुट्टी," उस्ताद म्हणाले.

सातव्या दिवशी ती गाडी दुसऱ्या गाडीच्या पाठीवर चढून परत आली. मागची उजवी बाजू चेपलेली होती. रस्त्यात पाण्याची मोठी वाहिनी फुटली होती, वळणावर पाणी साचलं होतं. वेग फार नव्हता, पण गाडीची मागची बाजू अचानक सुटली आणि दुभाजकावर जाऊन आदळली. डॉक्टरला काही झालं नाही. शेजारी बसलेल्या तिच्या आईचं मनगट मोडलं.

वर्कशॉपच्या मालकानं गाडी जॅकवर उचलून घेतली आणि बॅटरी मारून बघितलं. मागच्या डाव्या चाकाचा बाण पुढे होता. उजव्याचा मागे.

उस्ताद पुढे झाले. त्यांनी सवयीनं अंगठा फिरवला आणि त्यांना तो लागला, आठवड्यापूर्वी लागला होता तोच उंचवटा. बॅटरीच्या उजेडात, हात लांब करून, डोळे बारीक करून त्यांनी बघितलं. तो बाण नव्हता. टायर किती झिजला ते कुठे बघायचं हे दाखवणारा तो चिमुकला त्रिकोण होता, टायरच्या खांद्यापाशी असतो तो. खरा बाण त्याच्या खाली, वीतभर पलीकडे होता. दुसरं चाक नशिबानं बरोबर बसलं होतं, एवढंच. उस्तादांची वर बघायची हिंमत होईना.

चाक काढून जमिनीवर पालथं टाकलं. आत पिवळा गोल होता आणि गोलात टिक होती.

"गोल उस्तादांचा," मालक म्हणाला. "बसवणाऱ्याची चूक होऊ शकते. माणूसच आहे. म्हणून तर दुसऱ्यानं बघायचं असतं." आणि मेव्हण्याकडे वळून विचारलं, "तू बघितलं नव्हतंस?"

मेव्हण्यानं चष्मा लावला. उकिडवा बसला. त्याची टिक तांदळाच्या दाण्याएवढी असायची, गोलाच्या अगदी मधोमध. ही टिक शेपूट सोडून गोलाबाहेर गेली होती. तो बराच वेळ तिच्याकडे बघत राहिला. मग त्यानं एकदाच मान वर करून उस्तादांकडे बघितलं.

आता बोलायला हवं होतं. उस्तादांनाही ते कळत होतं. पण दातखीळ बसली ती बसलीच.

"राहिलं असेल माझ्याकडून," मेव्हणा म्हणाला.

मालकानं त्याला तिथल्या तिथे मशीनवरून काढलं आणि फाटकापाशी हवा भरायला बसवलं. डॉक्टरची आई ऑफिसात बसली होती, हात प्लॅस्टरमध्ये गळ्यात अडकवलेला. खुर्ची डुगडुगत होती म्हणून उस्तादांनी दुसरी आणून दिली.

"तुम्हीच उस्ताद ना?" ती म्हणाली. "तुम्ही एवढं मन लावून केलंत आणि दुसऱ्याच्या चुकीनं नाव तुमचं खराब झालं. वाईट वाटत असेल तुम्हाला."

"हो," उस्ताद म्हणाले.

पुढचे चार दिवस त्यांनी नेटानं काम केलं आणि फाटकाकडे पाठ ठेवली. फाटकाकडून हवेच्या पंपाचा आवाज यायचा, थांबायचा, पुन्हा यायचा. मेव्हण्यानं कुणापाशी चकार शब्द काढला नव्हता. त्यानं चारचौघांत शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं, असं उस्तादांना वाटे. आणि असं वाटतंय याचीही लाज वाटे, कारण शिव्या खायला त्याच्याकडून कशाला, स्वतः तोंड उघडलं असतं तरी मिळाल्या असत्या.

पाचव्या दिवशी सकाळी बायको डबा भरता भरता म्हणाली, "त्याचं कामात काही चुकलं म्हणे. मला खरंच वाटत नाही. शाळेत जाताना दप्तर तीनदा तपासायचा तो. आई वैतागायची."

उस्तादांनी बुटाची नाडी बांधायला मान खाली घातली.

"तुम्ही तिथे आहात म्हणून मला काळजी नाही," ती म्हणाली. "जरा सांभाळून घ्या त्याला."

मग तिनं कपाटातून गोळ्यांची जुनी पट्टी काढली. गुडघा दुखत होता. पट्टी त्यांच्यापुढे धरून म्हणाली, "अहो, तारीख बघा हो हिच्यावरची. चालेल का?"

उस्तादांनी पट्टी हातात घेतली. चंदेरी कागदावर मुंग्यांसारखं काहीतरी होतं. "चालेल," ते म्हणाले आणि पट्टी परत दिली.

तिनं गोळी फोडली, पाण्याचा पेला उचलला. तेव्हा उस्तादांना कळलं की आपण आत्ता पुन्हा एक टिक केली.

त्यांनी तिचा हात धरला. "घेऊ नकोस. मी वाचलं नाही."

"मग चालेल म्हणालात ते?"

"मला दिसतच नाही. तीन वर्षं झाली." आणि एकदा तोंड उघडलं म्हटल्यावर बाकीचंही बाहेर पडलं. वजनांचं पाकीट, मेणखडू, प्लॅस्टरमधला हात, सगळं.

बायकोनं सगळं ऐकून घेतलं. गोळी ओट्यावर ठेवली. डब्याचं झाकण लावलं आणि डबा त्यांच्या हातात न देता टेबलावर ठेवला. "आधी जाऊन सांगा," ती म्हणाली. "मग घरी या."

उस्ताद वर्कशॉपमध्ये शिरले तेव्हा डॉक्टर आणि तिची आई गाडी कुठवर आली ते बघायला आल्या होत्या. मालक त्यांच्याशी बोलत होता, बाकीचे कामाला लागत होते. आणखी थोडं थांबलो तर पुन्हा दातखीळ बसेल, म्हणून उस्ताद थेट मधोमध जाऊन उभे राहिले.

"त्या चाकावरची टिक माझी आहे," ते म्हणाले. "त्याला मी मुद्दाम आत पाठवलं होतं. त्यानं ते चाक बघितलंच नाही. मला बाण दिसत नाही, मी अंगठ्यानं अंदाज करतो. तो अंदाज चुकला." मग आईकडे वळून म्हणाले, "तुमचा हात माझ्यामुळे मोडला. त्या दिवशी तुम्ही विचारलंत तेव्हा मी हो म्हणालो. तेही खोटं होतं."

डॉक्टरनं किडका दात बघावा तसं त्यांच्याकडे बघितलं. आईनं प्लॅस्टरचा हात दुसऱ्या हातानं उचलून मांडीवर ठेवला.

"उस्ताद," मालक म्हणाला, "आजपासून मशीनला हात लावायचा नाही. त्याला आत बोलवा. ते तरी स्वतः करा."

फाटक तीस पावलांवर होतं. मेव्हणा स्टुलावर बसून पंपाची नळी गुंडाळत होता. आतलं सगळं त्याला ऐकू आलं होतं.

"मशीनवर जा," उस्ताद म्हणाले. "मी सांगितलं सगळं. टिकेचंही आणि डोळ्यांचंही."

"डोळ्यांचं मला ठाऊक होतं."

"ताईनं सांगितलं?"

"ताईला कुठे माहीत होतं." मेव्हण्यानं नळी खिळ्याला अडकवली. "तीन वर्षांपूर्वी तुम्ही एक पुढचं चाक उलटं बसवलंत. तुम्ही जेवायला गेल्यावर मी ते काढून फिरवून बसवलं. तेव्हापासून प्रत्येक चाक वाचायला लागलो. त्याआधी मी एवढा वेळ घ्यायचो का, आठवून बघा."

उस्तादांनी आठवून बघितलं. आधी हा नुसती नजर टाकून टिक करायचा. 'वाचनालय' हे नाव त्यांनी ठेवलं त्यालाही तीनच वर्षं झाली होती.

"मला का नाही बोललास?"

"दोनदा बोललो. भाऊजी, एकदा डोळे दाखवून या म्हटलं. तुम्ही सगळ्यांसमोर काय उत्तर दिलंत ते मी आता सांगत नाही."

"एकूण किती चाकं फिरवलीस माझी?"

"राहू दे ना."

"सांग."

"अकरा."

उस्ताद स्टुलावर बसले. "रागावला असशील," ते म्हणाले.

"रागावलोय," मेव्हणा सरळ म्हणाला. त्यानं फडक्याला हात पुसले आणि मशीनकडे निघून गेला.

थोड्या वेळानं एक स्कूटरवाला येऊन थांबला. मागच्या चाकात हवा कमी वाटत होती. उस्तादांनी नळी व्हॉल्व्हवर दाबली आणि हवेचं घड्याळ डोळ्यांसमोर धरलं. मग लांब धरलं. काटा दिसत होता, आकडे नव्हते. चाक दाबून बघावं, अंदाजानं भरून द्यावी, स्कूटरच तर आहे, असं मनात आलं आणि अंगठा आपोआप टायरकडे गेला. तो त्यांनी मागे घेतला.

"अरे," त्यांनी आतल्या बाजूला तोंड करून, सगळ्यांना ऐकू जाईल अशी हाक मारली, "जरा येऊन हा आकडा वाचून दे मला."

हातोड्याचा आवाज थांबला. मालक, डॉक्टर, तिची आई, सगळ्यांनी वळून बघितलं. मेव्हणा मशीन बंद करून आला. चष्मा लावला, वाकला आणि उस्तादांच्या तोंडाकडे न बघता म्हणाला, "बावीस."

"बावीस," उस्ताद मोठ्यानं म्हणाले आणि हवा भरायला लागले.