नटावरचा पिवळा ठिपका

माझं डोकं लवकर तापतं हे सगळ्यांना माहीत आहे, त्यामुळे त्या सकाळी मी पाना आपटला तेव्हा गॅरेजमध्ये कुणी मान वर करून पाहिलंसुद्धा नाही. कुणी म्हणजे बाबा. आमच्या गॅरेजात आम्ही दोघंच. इंजिन, ब्रेक, चाकं बाबांकडे. वायरिंग आणि सेन्सर माझ्याकडे. ते माझ्या स्कॅनरला डबडं म्हणतात, मी त्यांच्या हातोडीला कॉम्प्युटर म्हणते, आणि असं आमचं बरं चाललेलं असतं.

पाना आपटला तो फोनमुळे. धाकटी बहीण म्हणाली, "ताई, उद्या ऑफिसात सांगून टाकते. मला स्टोअरमध्ये बसवा म्हणून. फिरतीचं काम आता माझ्याच्यानं नाही होणार."

धाकटी नर्स आहे. टेकडीपलीकडच्या वस्त्यांत घरोघरी जाते, अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्यांच्या जखमा धुते, पट्ट्या बदलते. गाडीशिवाय ते काम होत नाही. आणि टेकडीवरच्या उजव्या वळणावर तिची गाडी रस्ता सोडून कडेच्या दगडांवर चढली, त्या दिवसापासून तिनं गाडीला हात लावलेला नाही. मागच्या सीटवर तिची मुलगी होती. पोरीला खरचटलंही नाही. पण त्या दगडांच्या पलीकडे नुसता उतार आहे, आणि तो धाकटीनं पोरीला बाहेर काढताना पाहिला.

"गाडी आपोआप डावीकडे ओढली गेली," असं ती पहिल्या दिवशी सांगत होती. "पायाखाली घरघर झाली, समोर पिवळा दिवा लुकलुकला, आणि ओढलीच गेली." गाडी ज्या वर्कशॉपमध्ये उचलून नेली, तिथल्या माणसानं मशीन लावलं आणि एकही फॉल्ट कोड नाही म्हणून हात झटकले. मग बाबांनी ती आमच्याकडे आणली, खालून-वरून पाहिली आणि सगळ्यांसमोर निकाल देऊन टाकला. "गाडीत काही नाही. हिचंच लक्ष नव्हतं. पोरीशी गप्पा मारत असणार."

बाबांनी गाडीत काही नाही म्हटलं की आमच्या घरात तो विषय संपतो. धाकटीच्या नवऱ्यानं पोरीला पुन्हा तिच्याबरोबर गाडीतून पाठवणार नाही असं सांगितलं. आणि थोड्या दिवसांनी धाकटी स्वतःच म्हणायला लागली, "माझाच डोळा लागला असेल."

हे ऐकलं की माझ्या तळपायाची आग मस्तकात जायची. गाडी घसरायला लागली की तिला सावरणारी एक यंत्रणा आत असते. चालकाला कुठे वळायचंय आणि गाडी खरी कुठे वळतेय, याचा ती सेन्सरांकडून मेळ घालते. मेळ बसला नाही की एखाद्या चाकाला आपणहून ब्रेक लावते. तेव्हा पायाखाली घरघर होते आणि पिवळा दिवा लुकलुकतो. डोळा लागलेल्या बाईला हे सगळं दिसेल कसं? पण दगडांवर आपटून रेडिएटर फुटलेल्या गाडीची रस्त्यावर परीक्षा घेता येत नाही, आणि नवा रेडिएटर कालच बसला होता.

"उद्या काही बोलू नकोस," मी फोनवर म्हटलं. "मला आजचा दिवस दे."

"ताई, तू माझी बहीण आहेस. तू गाडीचीच चूक काढणार. बाबा म्हणाले ना काही नाही म्हणून." तिनं फोन ठेवला.

मी धाकटीच्या गाडीत शिरले. चारही चाकांचे वेग सांगणारे सेन्सर पाहिले, जॅकवर घेऊन एकेक चाक हातानं फिरवलं. सगळे शहाण्यासारखे बोलत होते. गाडीचं गिरकी घेणं मोजणारा सेन्सर या गाडीत पुढच्या सीटखाली असतो. पोरीनं पाण्याची बाटली सांडली असेल आणि त्याला ओल लागली असेल अशी मला दाट शंका होती. सीट काढली, गालिचा उचलला. खाली बिस्किटाचा चुरा, एक रंगीत खडू आणि ठणठणीत कोरडा सेन्सर. खडू खिशात टाकला आणि सीट परत बसवली.

राहिला स्टिअरिंगचा सेन्सर. चालकानं स्टिअरिंग किती वळवलंय ते तो अंशांत सांगतो. पण गाडी जागेवर उभी असताना त्याच्या आकड्याला काय अर्थ? चाकं जरा तिरकी असली की आकडा येणारच. त्याला सरळ रस्त्यावर न्यायला हवं होतं, आणि मग त्याच वळणावर. गाडी मी चालवणार, तर आकडे वाचायला कुणीतरी हवं.

"बाबा, चला. डबडं धरायचंय."

"मला कामं आहेत."

"लेकीचं फिरतीचं काम सुटतंय उद्या. चला."

ते कुरकुरत आले. स्कॅनर मांडीवर घेऊन बसले, चष्मा नाकाच्या शेंड्यावर. गावाबाहेर टेकडीच्या पायथ्यापर्यंत रस्ता आखल्यासारखा सरळ आहे. मी स्टिअरिंग सरळ धरलं. गाडीही सरळ चालली होती, हात सोडला तरी इकडे-तिकडे जात नव्हती.

"वरून तिसरी ओळ वाचा. शून्याच्या आसपास असेल."

"नऊ," बाबा म्हणाले.

"नीट बघा. मी वळवलेलं नाहीये काही."

"नऊच आहे. डावीकडे नऊ."

"अजून?"

मी एकदा त्यांच्याकडे पाहिलं. ते स्कॅनरकडे बघतच नव्हते, माझ्या हातांतल्या स्टिअरिंगच्या मधोमध बघत होते. मला वाटलं घाबरले, कारण टेकडी सुरू झाली होती.

वळण दिसलं, कडेचे दगड दिसले, त्यांतल्या एकावर धाकटीच्या गाडीचा रंग अजून तसाच होता. मी ठरवलं होतं, तिच्याच वेगानं जायचं, ना कमी ना जास्त. मागे-पुढे कुणी नाही हे बघून घेतलं. स्टिअरिंग उजवीकडे घेतलं आणि गाडी छान वळायला लागली, निम्मं वळण पार पडलं, आणि पायाखाली घरघर झाली. पिवळा दिवा लुकलुकला. पुढच्या डाव्या चाकाला कुणीतरी पकडून ठेवल्यासारखी गाडी डावीकडे, सरळ दगडांकडे निघाली. मला माहीत होतं असं होणार आहे, मी वाटच बघत होते, तरी दचकले. जोर लावून स्टिअरिंग आणखी उजवीकडे ओढलं, ब्रेक दाबला, आणि गाडी दगडांपासून हातभर अंतरावर उभी राहिली.

मी इंजिन बंद केलं. माझी बहीण इथे होती, मागे पोर होती, आणि तिला कुणी काही सांगितलेलं नव्हतं.

"सेन्सर," मी म्हटलं. "स्टिअरिंग सरळ असताना वळलंय म्हणून सांगतोय मेला. गाडीला वाटतं चालकाला डावीकडे जायचंय, म्हणून ती डावं चाक धरते."

"हो," बाबा लगेच म्हणाले. "सेन्सरच गेलाय. बदलून टाक. आजच मागव."

परत येताना मी अगदी सावकाश चालवत होते आणि डोक्यात एकच गोष्ट घोळत होती. बाबांनी जन्मात कुठलाही पार्ट एका शब्दात बदलायला सांगितलेला नाही. साधा बल्ब बदलायचा असला तरी आधी अर्धा तास माझ्याशी हुज्जत घालतात. आणि माझ्या डबड्यावर त्यांचा विश्वास बसला, तोही एका फेरीत?

गॅरेजात आल्यावर सेन्सर मागवायच्या आधी मी बॅटरीची वायर काढली, थोडा वेळ थांबले, एअरबॅग उतरवून बाजूला ठेवली आणि स्टिअरिंगच्या मधल्या नटावर उजेड धरला.

नटावर पिवळा ठिपका होता.

बाबांची ती जुनी सवय. स्वतः आवळलेल्या प्रत्येक नटावर ते रंगाचा ठिपका लावतात. ठिपका म्हणजे काम पक्कं झालं, पुन्हा बघायची गरज नाही. ठिपक्याखाली, स्टिअरिंगवर आणि आतल्या दांड्यावर कारखान्याची एकेक खूण असते. दोन्ही खुणा समोरासमोर यायला हव्यात. इथे त्या दांड्यावरच्या खाचांच्या एका दातानं सरकलेल्या होत्या. सेन्सर बिचारा दांड्याला बांधलेला. दांडा खरोखरच नऊ अंश वळलेला होता, आणि सेन्सर ते इमानानं सांगत होता.

"बाबा, इकडे या."

ते आले नाहीत. वर्कबेंचजवळ पाठमोरे उभे राहिले. "तिच्या गाडीचा, चाकं वळवणारा पुढचा रॉड वाकला होता," ते म्हणाले. "अपघाताच्या आधी, तू पार्ट आणायला गेली होतीस तेव्हा. मी नवा घातला. चाकं जुळवली तर स्टिअरिंग तिरकं दिसायला लागलं. ती दारात उभी, पेशंट वाट बघतायत म्हणून घाई करत होती. दोन्हीकडचे रॉड पुन्हा सोडून जुळवण्यापेक्षा स्टिअरिंगच काढलं आणि सरळ बसवलं. जुन्या गाड्यांना आयुष्यभर तसंच केलंय. काही होत नाही त्यांना."

"ही जुनी गाडी नाही."

"माहीत आहे."

"कधीपासून माहीत आहे?"

"मघाशी. डबड्यावर नऊ वाचलं तेव्हा." मग ते हळू आवाजात म्हणाले, "सेन्सर म्हणून सांग ना तिला. तिच्यावरचा ठपका गेला की झालं. माझं कशाला मध्ये?"

मी मघाशी म्हटलं ना, माझं डोकं लवकर तापतं. पण तेव्हा ते तापलं नाही, थंडच पडलं, आणि त्याची मला जास्त भीती वाटली. "मी सांगून तिला पटणार नाही," मी म्हटलं. "वर्कशॉपवाल्यानं एकही कोड नाही म्हणून सांगितलंय. तिचा नवरा म्हणेल बहीण बहिणीला झाकतेय. तीसुद्धा तेच म्हणेल, सकाळीच म्हणाली. तिची चूक आहे असं तुम्ही सांगितलंत म्हणून सगळ्यांनी मानलं. आता नाही हेही तुम्हालाच सांगावं लागेल. मी नाही सांगणार. आणि तुम्ही नाही सांगितलंत तर ती उद्या स्टोअरमध्ये जाऊन बसेल, आणि तुम्ही रोज माझ्यासमोर चहा पीत बसाल. बघा कसं जमतंय."

बाबा गाडीखाली शिरले. दोन्हीकडचे रॉड सोडून त्यांनी चाकं पुन्हा जुळवली, स्टिअरिंग मूळ खुणेवर बसवलं, आणि मला बोलावून खूण दाखवली, एखाद्या शिकाऊ माणसानं दाखवावी तशी. मी स्कॅनरवरून सेन्सरला नवं शून्य ठरवून दिलं. आम्ही पुन्हा टेकडी चढलो, त्याच वेगानं. घरघर नाही, दिवा नाही. या वेळी नटावर त्यांनी ठिपका लावला नव्हता.

संध्याकाळी आम्ही तीच गाडी घेऊन धाकटीच्या घरी गेलो. ती कपड्यांच्या घड्या घालत होती, नवरा पोरीला गणितं शिकवत होता. बाबा चपला काढून दारातच उभे राहिले.

"गाडी बिघडली होती," ते म्हणाले.

मी खोकले.

"मी बिघडवली होती," बाबा म्हणाले, आणि रॉडपासून ठिपक्यापर्यंत सगळं सांगितलं. जावयासमोर, नातीसमोर, एकही वाक्य न गाळता.

धाकटीच्या हातातला टॉवेल अर्धवट घडीतच राहिला. "मग माझं काय चुकलं होतं?"

"काही नाही."

"यांच्याकडे बघून सांगा."

बाबांनी जावयाकडे पाहिलं. "तिचं काही चुकलं नव्हतं. दुसरं कुणी असतं तर गाडी खाली गेली असती. तिनं दगडांवर थांबवली."

नवरा काहीतरी बोलायला गेला, पण धाकटीनं त्याला हातानंच थांबवलं. ती बाबांशी बोलत होती. "मी हिला आंघोळ घालायलाही घाबरत होते, बाबा. वाटायचं, हातातून सुटेल. पेशंटला इंजेक्शन द्यायला दुसरीला पुढे करत होते. तुम्ही सांगितलंत ना, माझं लक्ष नसतं म्हणून."

बाबा तिथेच खाली बसले. मी त्यांना आयुष्यात कधी रडताना पाहिलं नव्हतं, आणि त्या दिवशीही पाहिलं नाही, कारण मीच तोंड फिरवलं.

जरा वेळानं धाकटीनं टॉवेलची घडी पुरी केली आणि माझ्यापुढे हात केला. "किल्ली."

"मी येतो बरोबर," तिचा नवरा म्हणाला.

"नको. ताई येईल. आणि बाबा." दाराबाहेर आल्यावर बाबा सवयीनं पुढच्या दाराकडे वळले, तर ती म्हणाली, "तुम्ही मागे बसा. पोर बसली होती तिथे."

ते बसले. टेकडी चढताना तिचा श्वास मला ऐकू येत होता. वळण आलं तेव्हा तिनं स्टिअरिंग घट्ट धरलं, पण वेग कमी केला नाही. मागे बाबांनी दारावरचं हँडल पकडलं. गाडी वळली, नीट वळत राहिली, दगड मागे गेले.

"चांगली चालवतेस," मागून बाबा म्हणाले.

"हे मला आधीपासून माहीत होतं," ती म्हणाली. "तुम्ही सांगितलंत म्हणून विसरले."

मला वाटलं आता ती गाडी वळवेल. तिनं नाही वळवली. इथवर आलोच आहोत तर पलीकडच्या वस्तीतल्या आजींची जखम बघून येते, म्हणाली, आणि गाडी तशीच पुढे नेली. आजींकडे तिला बराच वेळ लागला. बाबा तोवर मागच्या सीटवर बसून राहिले, पुढे येऊन बसा म्हटलं तरी आले नाहीत.