माझ्या नळीतला ओलावा

मित्रांनो, मी एक जुना सॅक्सोफोन आहे. माझे अंग पितळेचे, झाकणांखाली चामड्याच्या गाद्या आणि तोंडाशी वेताची एक पातळ पट्टी. फुंकले की ती थरथरते आणि सूर निघतो.

मला वाजवणाऱ्या मास्तरांनी मला एका हॉटेलच्या वाद्यवृंदाकडून घेतले. तेव्हा ते तिथेच जेवणाऱ्या लोकांसाठी वाजवत आणि ताटातून कुणी मान वर करत नसे. मग जुन्या गाण्यांच्या चालींची त्यांची पहिली कॅसेट निघाली, आणि चार वर्षांत अकरा झाल्या. आमची धून लिफ्टमध्ये वाजू लागली, दातांच्या दवाखान्यात वाजू लागली. फोनवर 'कृपया प्रतीक्षा करा' ऐकू आले की मागे आम्हीच असायचो. मास्तर म्हणत, "आपल्याइतकं लोकांना कुणी ताटकळत ठेवलं नसेल."

कार्यक्रमाच्या शेवटी ते एक सूर धरत. गालांत हवा साठवायची, नाकाने श्वास घ्यायचा, सूर तुटू द्यायचा नाही. लोक मोठ्याने सेकंद मोजत. त्या सुरासाठीच तिकिटे खपत.

वाजवून झाले की माझ्या नळीतून कापड ओढून ती कोरडी करायची असते. मास्तर ते करत नसत आणि कुणाला करू देत नसत. सूर ओलाव्यात मुरतो, अशी त्यांची समजूत होती. मला तसेच ओले पेटीत बंद करत.

"मुरतो की कुजतो, ते एकदा बघा तरी," त्यांची पत्नी म्हणायची.

"तुला त्यातलं काय कळतंय?"

"नाक आहे मला."

तिचे नाक खरे होते. माझ्या मानेच्या, म्हणजे वरच्या वाकड्या नळीच्या, वळणात आधी एक करडा ठिपका आला. मग ठिपक्याला लव फुटली. मास्तर दोन सुरांमध्ये घाईने श्वास घेत, तेव्हा माझ्यातली थोडी हवा त्यांच्या छातीत जाई. तिच्यासोबत काय जाते, ते मला कळत होते.

कार्यक्रमाच्या दुसऱ्या दिवशी त्यांना खोकला यायचा. एकदा महिनाभर कार्यक्रम बंद होते आणि मी पेटीत होतो, तेव्हा तो पूर्ण थांबला. ते पुन्हा वाजवू लागले, खोकला पुन्हा सुरू झाला.

डॉक्टरांनी विचारले, "सिगारेट?"

"नाही."

"घरात कबुतरं, पोपट? त्यांच्या पिसांच्या धुळीनंही खोकला होतो."

"नाही हो."

माझ्याविषयी कुणी विचारले नाही.

मास्तरांच्या वादनाच्या पंचविसाव्या वर्षाच्या मोठ्या कार्यक्रमाआधी माझी एक कळ अडकू लागली. मास्तर मला दुरुस्तीवाल्या काकांकडे घेऊन गेले. काकांनी माझी मान काढून उजेडाकडे धरली आणि झटकन नाकापासून दूर केली.

"मास्तर, हे वाद्य आहे का तळघर? आतून धुऊन देतो."

"कळ तेवढी बघा. आत हात लावू नका, सूर जाईल."

काकांनी आत घालायला घेतलेले फडके बाजूला ठेवले. समोर एवढे नावाजलेले वादक. "तुम्ही म्हणाल तसं," ते म्हणाले. त्यांनी कळ बसवली, बाहेरून मला चकाकवले आणि मान परत लावली.

त्या संध्याकाळी मी आरशासारखा झळकत होतो. शेवटचा सूर सुरू झाला, लोक मोजू लागले. चाळीस. एक्केचाळीस. मास्तरांची बोटे माझ्या कळांवर गार पडत चालली होती. बावन्नाला सूर तुटला. लोकांना वाटले, संपला; त्यांनी टाळ्या वाजवल्या. मास्तर गुडघ्यांवर बसले होते. टाळ्या थांबायला बराच वेळ लागला.

पत्नीने मला पेटीसकट हॉस्पिटलात नेले आणि डॉक्टरांच्या टेबलावर ठेवले. "हे इतकी वर्षं आतून पुसलेलं नाही. यातून तर काही होत नाही ना, बघा."

डॉक्टरांनी माझ्या मानेतून कापसाची काडी फिरवली. ती हिरवटकाळी होऊन आली. बुरशी होती.

"आता वाजवणं बंद," त्यांनी मास्तरांना सांगितले. "फुप्फुसाचा जेवढा भाग आखडलाय, तो परत उघडणार नाही."

काकांनी मला आतून धुऊन दिले. आता मास्तर रोज सकाळी खिडकीशी बसून माझ्यातून कापड ओढतात. एकदा, दोनदा. मग खुर्चीला टेकून दम घेतात. मी आतून लख्ख झालो आहे. त्यांच्या छातीतून मात्र कापड ओढता येत नाही.

मित्रांनो, तुमच्याकडे बासरी असेल, माउथ ऑर्गन असेल, शाळेच्या बँडमधला बिगूल असेल. वाजवून झाले की ते वाद्य कोरडे करा. कुणी मोठा माणूस नको म्हणाला, तरी करा.