बुजलेले दार

मी एक जुनी वीट आहे, मित्रांनो, पोटातून पोकळ. माझ्या अंगाला एक अरुंद तोंड आहे. भट्टीतून बाहेर पडले तेव्हापासून मी कोणाची तरी वाटच पाहत होते.

या जागी पूर्वी एक बैठे घर होते. त्याच्या छपराखालच्या फटींत पाकोळ्या दरवर्षी दूरदेशाहून येऊन घरटी करीत. पुढे ते घर पाडले गेले. पण तेव्हा नवा नियम आला होता : बांधणाऱ्याने निसर्गाचे जितके घेतले, त्याहून अधिक परत द्यायचे. म्हणून नव्या इमारतीशेजारी तळे खोदले, झुडपे लावली आणि छपराखाली पाकोळ्यांच्या घरट्यांसाठी आम्हा पोकळ विटांची ओळ बसवली.

मग गिलावा करणारे गवंडीमामा परांचीवर चढले. मामांचे काम मोठे निगुतीचे. माझे तोंड त्यांना कोणाचा तरी हलगर्जीपणा वाटला. थापीच्या एका फटकाऱ्यात त्यांनी ते बुजवले, आणि वरून मायेने हातही फिरवला.

आत अंधार झाला. काही दिवसांनी बाहेर पंखांची सळसळ ऐकू आली. गुळगुळीत गिलाव्यावरून नखे घसरत होती. एक पाकोळी पुन्हा येई, पुन्हा घसरे. दारात आलेल्या पाहुणीला मला साधे ‘ये’ही म्हणता येईना.

अखेर पक्ष्यांची पाहणी करणाऱ्या ताई आल्या.

“मामा, इथली घरं कुठं गेली?”

“कसली घरं? भोकं होती, बुजवली! दिसतोय का कुठं डाग?”

“अहो, ती भोकं ठेवायची म्हणूनच इथं बांधायला परवानगी मिळाली!”

मामांनी वर पाहिले. एक पाकोळी भिंतीशी झटून माघारी वळत होती.

“अरे देवा! म्हणजे हिला मीच घराबाहेर काढलं होय?”

ते छिन्नी घेऊन वर चढले. ठोक्याठोक्याने माझ्यात उजेड आला. सवयीने ते कडा घोटू लागले, तोच खालून ताई ओरडल्या, “खडबडीतच राहू द्या, मामा! तिला नखं रोवायला हवीत.”

“म्हणजे काम वाईट करू?”

“एवढं एक कराच!”

मामा हसले. आयुष्यात पहिल्यांदाच त्यांनी काम अर्धवट सोडले, आणि त्याच अर्धवट कडेला धरून ती आत आली.

तेव्हापासून पाकोळ्या दरवर्षी येतात. मामा आणि ताई मात्र आता इथे नाहीत. आज माझ्या पोटात पिल्ले आहेत, आणि बाहेर रंगकामासाठी पुन्हा परांची बांधली जात आहे. मित्रांनो, दिलेले घर दरवर्षी नव्याने द्यावे लागते. रंगारी वर चढण्याआधी कोणीतरी त्यांना हाक मारा. सांगा, इथे कोणी राहते.