बिघाड परत बसवा

मी अ‍ॅम्प्लिफायर आहे. गिटारचा आवाज मोठा करणारं खोकं. अंगावर चहाचे डाग आहेत, एक कोपरा उंदरानं खाल्लाय. नाक मुरडायचं असेल तर आत्ताच मुरडून घ्या.

एका सायकल दुरुस्तीवाल्यानं जुन्या रेडिओंचे भाग जोडून मला बनवलं. त्याचं काहीतरी चुकलं, म्हणून मी जन्मापासून घूं करतो. प्लग लावला की घूं.

या गल्लीत तेव्हा गाणाऱ्यांचं टोळकं होतं. गॅरेजात जमायचे. सूर लावायचं साधन कुणाकडेच नाही. मग गाणारी वहिनी आणि गिटारवाला तिचा दीर माझ्या घूंवरच सूर लावायचे. सगळी गाणी त्याच सुरात बसवली. जगाच्या सुरापेक्षा जरा खाली, पण कुणाच्या बापाचं काय जातं? पुढे मुलंबाळं झाली, गुडघे कुरकुरायला लागले आणि मी वहिनींच्या माळ्यावर गेलो. डोक्यावर गाद्यांचं गाठोडं. याला म्हणतात कलेची कदर!

यंदा एक फिल्मवाली उगवली. इथल्या गाण्याबजावण्याचा इतिहास जपायचा म्हणे. दिसेल त्याला ‘अनमोल’ म्हणायची, उंदरानं खाल्लेल्या कोपऱ्यालासुद्धा. पण तिला घाई होती. वहिनींच्या घशात गाठ निघाली होती, सोमवारी ऑपरेशन. नंतर आवाज राहील, असं डॉक्टर छातीठोकपणे सांगेनात. त्याआधी एक तरी गाणं टिपायचं होतं.

आणि या शहाणीनं काय करावं? प्रेमापोटी मला दुरुस्त करून आणलं! घूं बंद.

शूटिंगला वहिनी गायला लागल्या, थांबल्या. पुन्हा लागल्या, पुन्हा थांबल्या.

“भावजी, सूर नीट लावा की.”

“कशावर लावू, वहिनी? खोकं मुकं झालंय.”

“मावशी, मी मोबाइलवर सूर देते ना,” फिल्मवाली म्हणाली.

“त्या सुरात मी कधी गायलेच नाही गं. गळा तिकडे जातच नाही.”

फिल्मवालीचं तोंड एवढंसं झालं. मला उराशी धरून ती तडक मेकॅनिककडे.

“दादा, बिघाड परत बसवा!”

“ताई, तब्येत बरी आहे ना?”

नशीब, काढलेला भाग त्यानं अजून फेकला नव्हता. त्या संध्याकाळी वहिनी अख्खं गाणं गायल्या. मध्ये खोकल्या, तेही फिल्मवालीनं तसंच ठेवलं.

ऑपरेशन झालं. गाठ गेली, आवाजही गेला. कुजबुज तेवढी उरली. फिल्म तयार झाली तशी फिल्मवाली ती दाखवायला घरी आली. वहिनी डोळे मिटून ऐकत होत्या. गाणं संपलं. त्या कुजबुजल्या, “दुसऱ्या कडव्यात भावजी चुकलेत.”

“तिथे मी कायमच चुकतो,” भावजी म्हणाले आणि रुमाल शोधायला लागले.

आता मी टीव्हीशेजारी असतो. वहिनी रोज प्लग लावतात, मी घूं करतो, त्या नुसते ओठ हलवतात. ऐकू काही येत नाही, पण सुरात असतात, मला कळतं. तेव्हा घरातल्यांनो, वीज जळते म्हणून माझ्या नावानं बोंबलू नका. चला, त्या आल्या. जरा गप्प बसा.