दोन खिडक्यांमधली दोरी

मी एक जुनी दोरी आहे. कधीकाळी निळी होते. आता कोणता रंग म्हणायचा, ते तुम्हीच ठरवा. मित्रांनो, माझी उमेदीची वर्षं वैनगंगेत, सुखरामच्या मासे धरायच्या जाळ्यात गेली. मग गाव गोसीखुर्दच्या धरणात गेलं आणि आम्ही सगळे या पुनर्वसनाच्या वस्तीत आलो.

सुखरामची बायको रुखमा जन्मापासून बहिरी. गल्लीपलीकडची वच्छलाही तशीच. दोघी हातांनी बोलत. पण समोरासमोर नसल्या तर हाक कशी मारायची? सुखरामने मला दोघींच्या खिडक्यांमधून ओवलं आणि टोकांना लाल चिंध्या बांधल्या. एकीने ओढलं की दुसरीकडची चिंधी नाचायची. चहा मांडला, ओढ. विड्या वळून कंटाळा आला, ओढ. वस्तीतले लोक कौतुकाने म्हणत, "या दोघींचा फोन लय भारी हाय!" सुखराम वारला तेव्हा रुखमाने आधी मलाच ओढलं होतं.

पुढे रुखमाची सून आली, प्रतीक्षा. पोरगी वाईट नाही. "ही दोरी रिकामीच लटकून राहिली, कपडे वाळवाले कामी येते," म्हणाली आणि एका सकाळी ओल्या चादरी माझ्यावर टाकून, चिमटे लावून मोकळी झाली.

त्याच दिवशी वच्छला चुलीपाशी पडली. पाय मोडला. सरपटत खिडकीशी आली आणि मला ओढू लागली. मी चादरींखाली दबलेली. तिकडची चिंधी हलेना. रुखमानेही चहासाठी ओढून पाहिलं, आणि वच्छला झोपली असेल असं समजून एकटीच चहा प्यायली. एवढी लाज मला कधी वाटली नाही.

संध्याकाळी चादरी निघाल्या आणि चिंधी हलली. रुखमा धावली. पण वच्छलाने तिला पाहून रागाने डोळे मिटून घेतले. हातांनी बोलणाऱ्या माणसाने डोळे मिटले, की बोलणंच संपतं. रुखमाने तिचे खांदे हलवले, गाल चोळले. काही उपयोग नाही. मग रडत तिने खिडकीबाहेर पाहिलं. माझ्यावर एक चिमटा राहिला होता. तो काढून तिने वच्छलाच्या मुठीत ठेवला. वच्छलाने तो चाचपला, डोळे उघडले, आणि रुखमाच्या पाठीत एक सणसणीत धपाटा घातला. मग दोघी रडल्या.

वच्छला आता खाटेवरच असते. मी फार थकले आहे, धागे सुटत चाललेत. तेल-पाणी, मानपान काही नको. मित्रांनो, माझ्यावर कपडे तेवढे वाळत घालू नका. पलीकडे कुणीतरी ओढत असतं.