नबीभाईंच्या पेटीतली कॅसेट

मी कॅसेट बोलतेय. तीही लग्नाची. हसू नका! एके काळी आमच्यातली एखादी घरी आली की शेजारीपाजारी आधीच सतरंजीवर जागा धरून बसायचे.

परतवाड्याच्या नबीभाईंनी मला पहिल्यांदा कॅमेऱ्यात घातलं ते सत्त्याण्णव साली, कौशल्याच्या लग्नात. वरात कापूस खरेदी केंद्रापाशी अडली. कापसाच्या बंड्यांची, म्हणजे बैलगाड्यांची, रांग पार रस्त्यावर आली होती. बँडवाले थकले, पण नबीभाई कुठले गप्प बसायला! त्यांनी रांगेचंच शूटिंग सुरू केलं. एका बंडीवर कौशल्याचा थोरला भाऊ गोपाल दिसला.

"बहिनीचं लगन अन् तू इथं काहून?"

"नंबर सोडला तं पुन्हा शेवटून लागते, नबीभाई. कौशीले सांगजा…"

"मले काय सांगतं? कॅमेऱ्यात बोल. थे पाहीनच ना!"

गोपालने टोपी सरळ केली आणि बोलला.

पण वरपक्षाने नाक मुरडलं. लग्नाच्या कॅसेटमध्ये कापूस कशाला? नबीभाईंनी तेवढा भाग गाळून दुसरी कॅसेट करून दिली. मी, मूळची, दुकानातल्या पेटीत पडले. कामाच्या गडबडीत नबीभाई निरोप विसरले, तो माझ्यापाशीच राहिला. भाऊ लग्नाला आला नाही म्हणून कौशल्याने त्याच्याशी बोलणं सोडलं. पुढे गोपाल तापाने गेला. मला फार वाईट वाटायचं, पण मशीनशिवाय मी मुकीच.

दहा वर्षांनी अकोल्याहून आरती आली. त्या काळात शेतकऱ्यांच्या आत्महत्यांच्या बातम्यांसाठी वऱ्हाडात कॅमेरेवाले पुष्कळ यायचे, त्यांना रडणारे चेहरे हवे असायचे. या पोरीला मात्र जुन्या फिल्मा जपायच्या होत्या. कापसाच्या रांगेचं चित्रण आहे का, असं ती गावोगाव विचारत होती. नबीभाईंना मी आठवले, आणि गोपालही आठवला. त्यांनी कौशल्याला बोलावून घेतलं.

माझ्या अंगावर पांढरी बुरशी चढली होती.

"लावून तं पाहू!" नबीभाई म्हणाले.

"थांबा भाऊ," आरतीने त्यांना अडवलं. "अशीच लावली अन् टेप तुटली, तं पुन्हा कोठून आणता?"

दोघांनी माझे स्क्रू काढले. मऊ कापडाने हलक्या हाताने मला पुसत बसले. इतकी माया मला नवी असतानाही मिळाली नव्हती.

मग मशीन फिरलं. रेघा आल्या, बंड्या आल्या, गोपाल आला.

"कौशे, राग नोको धरू. वरात पाह्यली म्या. तुहा नवरा बेज्या नाचते, लयच नाचते!"

कौशल्या हसली आणि हसता हसता रडायला लागली.

आता माझी नक्कल संगणकात सुखरूप आहे. मी दमले, पुन्हा फिरवू नका. फक्त घरातल्या माझ्या भावंडांना भंगारात टाकण्याआधी एकदा जाणत्या माणसाला दाखवा.

त्या दिवशी निघताना आरतीने माझ्यावर चिठ्ठी चिकटवली आणि मोठ्याने वाचली, "कापसाच्या बंड्यांची रांग, परतवाडा."

"अजून लिव," कौशल्या म्हणाली, "दादा लग्नाले होता."

आरतीने तसंच लिहिलं.