मी अस्सल आहे, पण ऐकतो कोण?

मी फोन बोलतोय. एरवी माझ्यातून दुसरेच बोलतात, आज जरा माझं ऐका. मी अस्सल आहे. हे स्वतःच्या तोंडाने सांगायची वेळ यावी, म्हणजे बघा.

कारखान्यात मला पाण्यात बुडवलं, उंचावरून पाडलं, तापवलं. सगळ्यात पास झालो. वाटलं, सुटलो एकदाचा. मग ऑनलाइन विकला गेलो आणि लालबागच्या चाळीत राजाराम परबांकडे आलो. खरी परीक्षा तिथे सुरू झाली.

राजारामकाका रिटायर्ड. लेक ऋता मस्कतला, तिला नुकतीच मुलगी झालेली. जुन्या फोनवर नात धुरकट दिसायची, म्हणून मला मागवलं. पहिल्याच दिवशी व्हिडिओ कॉल लावला. काका बघतच राहिले. मग हळूच बायकोला म्हणाले, "अंबिका, हय ये. बाळ जांभई देता." त्यांचे डोळे भरून आले. मलाही भरून आलं, खोटं कशाला बोलू.

तेवढ्यात शेजारच्या रुपालीकाकींनी किंमत विचारली. ऐकून म्हणाल्या, "एवढ्या स्वस्तात? मग डुप्लिकेटच."

झालं. परत करायला सात दिवसांची मुदत होती, आणि अख्खा मजला कामाला लागला. वाण्याच्या काट्यावर माझं वजन केलं. नखाने खरवडलं. एका गृहस्थांनी तर वास घेतला आणि मान हलवली. कसला वास यायला हवा होता, ते त्यांनाच ठाऊक.

शेवटी मजल्यावरचाच, लोअर परळला ऑफिसात असणारा धनेश आला. त्याने *#06# दाबलं. पडद्यावरचा पंधरा आकडी नंबर खोक्यावरच्या नंबराशी जुळला. फोन खरा की खोटा ते सांगणाऱ्या सरकारी सेवेला तोच नंबर त्याने माझ्यावरून एसएमएस केला. कंपनी, मॉडेल, सगळं बरोबर आलं.

"काका, ओरिजनल आहे."

"ह्या उत्तर ह्याच फोनार इला ना? चोराकच इचारलंस तू चोर काय, तर तो होय म्हणतलो?"

धनेशने स्वतःच्या फोनवरून विचारलं. उत्तर तेच.

"तुझो फोन पण ऑनलाइनच घेतलेलो ना?" काका म्हणाले.

धनेश चप्पल घालून निघून गेला. सहाव्या दिवशी मला खोक्यात कोंबलं.

दुसरा फोन हिंदमात्याहून आला, गाववाल्याच्या दुकानातून. त्याने चहा पाजला, गावच्या देवळाच्या छपराची चौकशी केली आणि माझ्याच मॉडेलचा फोन काकांच्या हातात ठेवला. बिल नाही, नंबर तपासला नाही. "गाववालो कित्याक फसवतलो?" काका म्हणाले. तो फोन माझ्या शेजारी चार्जिंगला लावला, तर त्याची धग माझ्या खोक्यापर्यंत आली.

आज मला परत न्यायला कुरिअरवाला आला. मी त्याच्या पिशवीत आहे, तो दारात पावती लिहितोय. आत काकांनी नव्या फोनवरून मस्कतला व्हिडिओ कॉल लावलाय.

"ऋता, बाळाक जरा उजेडात घे गो. तोंडच दिसणा नाय."

"थयसर नेटवर्क नसात," अंबिकाकाकी म्हणाल्या.

काकांनी फोन अगदी नाकाशी धरला. बराच वेळ बघितलं.

"असू दे," ते म्हणाले. "फोन तरी अस्सल मिळालो."